महाशयांची दुभाषी

लंडनहून आलेल्या त्या महाशयांना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते एका अत्तराच्या दुकानासमोर कचऱ्याच्या पेटीमागे लपून बसले होते. म्हणजे आपण लपलो आहोत असं त्यांचं मत होतं. उंची सहा फुटांच्या वर, उन्हाने नाक लालबुंद, आणि अंगात अकरा खिशांचं खाकी जॅकेट. खिसे मी मोजले, कारण अर्धा तास दुसरं काही काम नव्हतं. पलीकडच्या कॅफेटेरियातला मल्याळी चहावाला बराच वेळ त्यांच्याकडे बघत होता. शेवटी त्याला दया आली असावी. तो पेटीमागे गेला आणि त्यांच्या हातात चहा देऊन आला.

ही नव्वदच्या दशकाच्या मध्यावरची गोष्ट. लग्नानंतर मी पुण्याहून दुबईला आले होते. नवरा एसीच्या कंपनीत इंजिनियर, घर अल कुसैसला, मुलगी नुकतीच नर्सरीत जायला लागलेली. घरी बसून कंटाळा आला म्हणून दुबईच्या जुन्या देरा भागातल्या एका छोट्या ऑफिसात नोकरी धरली. परदेशी टीव्हीवाले शूटिंगला आले की त्यांना परमिशन, गाडी, हॉटेल, माणसं मिळवून द्यायची, हा आमचा धंदा. बॉस लेबनीज होता. त्याने मला घेतलं याची त्याने दिलेली कारणं दोन: मला मराठी, हिंदी, इंग्लिश येतं, आणि माझा व्हिसा नवऱ्याच्या नावावर असल्यामुळे त्याला काढावा लागणार नाही. माझ्या एम.ए.च्या डिग्रीकडे त्याने ढुंकूनही पाहिलं नाही.

परमिशनच्या फॉर्मवर महाशयांच्या कार्यक्रमाचा विषय ‘खरेदीचा स्वर्ग’ असा लिहिलेला होता. फॉर्म मीच टाइप केला होता. खरा विषय होता नकली अत्तरं. इंग्लंडातल्या कुठल्याशा आजीबाईंनी इथून अत्तर नेलं, त्यांच्या मानेवर पुरळ उठलं, आणि त्याचा छडा लावायला हे महाशय कॅमेरामनसह सात तासांचं विमान धरून आले होते.

खरं सांगायचं तर त्या वेळी ते मला आवडले. बत्तीस-तेहतीस वर्षांचा उत्साही माणूस, खरोखर मेहनती. दुकानदार जे बोलेल ते शब्दशः सांगा, तुमच्या मनाचं घालू नका, असं त्यांनी मला तीन वेळा बजावलं. दुकानदार सिंधी होता. पिशवीतल्या लपवलेल्या कॅमेऱ्यापुढे तो हिंदीत म्हणाला, “मॅडम, साहेबको बोलो, असली चाहिए तो एअरपोर्टपे लो, यहाँ क्यों आए?” मी ते जसंच्या तसं सांगितलं. महाशयांनी कपाळाला आठ्या घातल्या, कॅमेऱ्याकडे वळले आणि गुन्हेगारी जगाच्या पोटात शिरल्यासारखा आवाज काढून काहीतरी बोलले. तो आवाज मी तेव्हा पहिल्यांदा ऐकला. दोन मिनिटांपूर्वी हाच माणूस मला विचारत होता की इथे स्वस्तात स्विमिंगची चड्डी कुठे मिळेल.

दोन वर्षांनी ते परत आले. आता जॅकेट निळं होतं, केसांना वळण होतं आणि नाकाला लावायला क्रीम होतं. सोबत चार माणसं. त्यातली एक मुलगी रिसर्चर होती. रिसर्चर म्हणजे महाशयांना जे माहीत असायला हवं ते माहीत असणारी. या वेळी फॉर्मवर मी ‘वाळवंटातील वास्तुकला’ असं टाइप केलं. खरा विषय होता त्या वास्तू बांधणारी माणसं.

“तुमच्या भाषेतला एखादा कामगार हवा,” महाशय मला म्हणाले. “ज्याला बोलायचंय असा.”

मी त्यांना आणून दिला. हे मी आज स्वच्छ कबूल करते. कुणी जबरदस्ती केली नव्हती. उलट मला आपण फार मोठ्या कामाचा भाग आहोत असं वाटत होतं.

आमच्या बिल्डिंगशेजारी एक इमारत उठत होती. तिथे गुहागरकडचा एक माणूस सळई बांधायच्या कामावर होता. चाळिशीचा, सडपातळ, बोलायला मिश्कील. उजव्या हाताची करंगळी अर्धी. गावी असताना बर्फाच्या कारखान्यात गेली म्हणायचा. शुक्रवारी ग्रोसरीत त्याची माझी गाठ पडायची आणि मराठी ऐकू आलं की तो थांबायचा. मी त्याला दादा म्हणायचे, तो मला ताई. त्याची तक्रार एकच होती. अडीच वर्षं झाली, कंपनी गावी जायला सुट्टी देत नव्हती. पासपोर्ट कंपनीकडे. धाकट्या बहिणीचं लग्न ठरलं होतं. मॅनेजर दर आठवड्याला म्हणायचा, “इन्शाल्ला, नेक्स्ट मंथ.”

मी टीव्हीचं सांगितलं तेव्हा दादाने फक्त एकच प्रश्न विचारला. “फोटो चांगला येईल ना ताई? गावाकडं दाखवतील का?”

शूटिंग आमच्या ऑफिसच्या मागच्या खोलीत झालं, भर दुपारी. दादा इस्त्रीचा पिवळा शर्ट घालून, केसांना तेल लावून, दाढी करून आला होता. त्याला बघून रिसर्चरचा चेहरा पडला. तिला बहुतेक सिमेंटने माखलेला माणूस हवा होता. मग महाशयांनी खिडकीला काळं कापड लावलं, दादाला उजेडाकडे पाठ करून बसवलं आणि मला म्हणाले, “त्यांना सांगा, चेहरा अजिबात दिसणार नाही. आवाजही बदलू. ते पूर्ण सुरक्षित आहेत.”

मी सांगितलं. दादा नाराज झाला. “मग मी शर्ट कशाला इस्त्री केला ओ?”

“काय म्हणतायत?” महाशयांनी विचारलं.

“शर्टाबद्दल बोलतायत,” मी म्हणाले.

प्रश्न सुरू झाले. तुम्हाला भीती वाटते का? दादा म्हणाला, उंचावर सुरुवातीला वाटायची, आता नाही. तुम्ही रडता का? दादा हसला. “रडू कशाला? काम माझ्या हातचं आहे. जेवण बरं आहे, आमचा राजापूरचा एकजण मासे झकास करतो. फक्त सुट्टी द्या म्हणावं. माणूस आहे, बहिणीचं लग्न आहे.” मी सगळं तसंच्या तसं इंग्लिशमध्ये सांगितलं. महाशयांनी घड्याळाकडे पाहिलं. मग त्यांनी तोच प्रश्न चार वेगवेगळ्या वाटांनी विचारला आणि दादाने चारही वेळा तेच उत्तर दिलं, शेवटच्या वेळी माशांच्या नावांसह.

“त्यांना विचारा,” महाशय अगदी हळुवारपणे म्हणाले, “त्यांना कैद्यासारखं वाटतं का?”

दादाने थोडा विचार केला. “पासपोर्ट त्यांच्याकडं आहे, म्हणजे तसंच म्हणायचं,” तो म्हणाला. “पण कैद्याला सुट्टी मिळते ओ. पॅरोल का काय असतं ना?” आणि स्वतःच्याच विनोदावर खो खो हसला.

चार महिन्यांनी लंडनहून कुरियरने व्हिडिओ कॅसेट आली. आम्ही नवरा-बायको जेवणं आटोपून कौतुकाने बघायला बसलो. पडद्यावर अंधारात एक काळी आकृती. तिच्यावर कुणा इंग्लिश नटाचा कापरा आवाज: मी कैदी आहे. मग बराच वेळ शांतता. मग पुन्हा: मी कैदी आहे. मासे नव्हते, पॅरोल नव्हता, हसणं तर नव्हतंच. आणि त्या शांततेत, चेहरा दाखवायचा नाही म्हणून, कॅमेरा अलगद खाली उतरला आणि दादाच्या हातांवर थांबला. मांडीवर ठेवलेले दोन हात. अर्धी करंगळी अख्ख्या पडद्यावर.

नवरा म्हणाला, “अगं, हा तर आपल्या ग्रोसरीतला.”

एका करंगळीवरून माझ्या नवऱ्याने त्याला ओळखलं, आणि माझा नवरा मला हेअरकट केल्यावरसुद्धा ओळखत नाही. कंपनीला वेळ लागणार नव्हताच. कॅसेट आमच्याकडे पोचायच्या आधी त्यांच्याकडे पोचली होती. दुसऱ्या दिवशी मी साइटवर गेले तर फोरमन म्हणाला, “खलास मॅडम, वो गया.” मॅनेजरने दादाला बोलावलं, पासपोर्ट हातात ठेवला आणि सुट्टी मंजूर केली. कायमची. वर सहा महिन्यांचा बॅन, म्हणजे तोवर देशात परत यायचं नाही. त्याच संध्याकाळच्या विमानात त्याला बसवलं. बहिणीचं लग्न महिन्यापूर्वीच होऊन गेलं होतं.

मी लंडनला फॅक्स केला. पहिल्यात नम्रपणे विचारलं की या माणसाचं पुढे काय करायचं. दुसऱ्यात जरा कमी नम्रपणे. तिसरा मी मराठीत विचार करून इंग्लिशमध्ये लिहिला, त्यामुळे तो चांगला झाला होता. तिसऱ्यानंतर एक जाड पाकीट आलं. मी घाईने फोडलं. आत महाशयांचा मोठा फोटो होता, आठ्या घातलेला, खाली सही आणि ‘आमच्या दुबईच्या मैत्रिणीस’. सोबतच्या चिठ्ठीत रिसर्चरने कळवलं होतं की आपल्या फिल्मला एक मानाचं पारितोषिक मिळालं आहे, त्यात माझाही वाटा आहे.

वाटा होताच. तो कसा फेडायचा ते मला कळत नव्हतं. मी बॉसला सांगितलं, तो म्हणाला, “हबीबी, आपण गाड्या पुरवतो, न्याय नाही.” मग मी घरी नवऱ्याच्या मागे लागले. त्याच्या कंपनीचं शारजात एका ठेकेदाराशी काम चालायचं. नवऱ्याने आधी ऐकून घेतलं, मग नाही म्हटलं, मग मी दोन आठवडे त्याच्याशी फक्त कामापुरतं बोलले, मग तो ठेकेदाराशी बोलला. बॅन संपल्यावर दादा नव्या व्हिसावर शारजाला आला. त्याला एअरपोर्टवर घ्यायला मीच गेले. काय बोलायचं याची रस्ताभर तयारी केली होती.

“दादा, माझ्यामुळे...” मी सुरू केलं.

“तुमच्यामुळं कशाला? मी बोललो, मी गेलो,” तो म्हणाला. मग थोडं थांबून, “पण ताई, मी हसलो होतो ना ओ? ते का नाय दाखवलं?”

मी त्याची बॅग उचलू लागले, ती त्याने उचलू दिली नाही.

इकडे महाशय वर वर चालले होते. आता कार्यक्रमाच्या नावातच त्यांचं नाव आलं होतं. दर पर्वाची एखादी कॅसेट आमच्या ऑफिसला यायची, कुठेकुठे आमचंही छोटंसं काम असायचं म्हणून. मी त्या न चुकता बघितल्या. महाशय बोटीतून उडी मारताना. महाशय कुणाच्या तरी बंद दारावर थापा मारताना. दार कधी उघडत नसे, आणि उघडू नये अशीच सगळ्यांची इच्छा असावी, कारण उघडल्यावर आतला माणूस काहीतरी बोलला असता. पूर्वी अत्तरवाल्याला पाच मिनिटं बोलू देणारा माणूस आता कुणाला पाच सेकंदही देत नव्हता. आठ्या मात्र वाढल्या होत्या. माझी मुलगी तेव्हा दुसरीत होती. तिने एकदा पडद्याकडे बघून विचारलं, “Mamma, is his stomach paining?”

मग एक दिवस कॅसेटी यायच्या बंद झाल्या. बॉसने लंडनहून आलेलं वर्तमानपत्राचं कात्रण माझ्या टेबलावर टाकलं. महाशयांच्या एका गाजलेल्या भागात जो खतरनाक तस्कर तोंडावर फडकं बांधून बोलला होता, तो तस्कर नव्हता. तो एका नाटक मंडळीतला होतकरू नट होता आणि त्याला ठरल्याप्रमाणे मानधन न मिळाल्यामुळे त्याने पेपरवाल्यांना गाठलं होतं. चॅनेलने चौकशी केली, कार्यक्रम बंद झाला. कात्रणात महाशयांचा फोटो होता. स्वतःच्या घराचं दार ते वार्ताहरांच्या तोंडावर लावून घेत होते.

मला आनंद झाला. झाला नाही असं लिहिलं तर खोटं होईल. तो दोन दिवस टिकला, मग मला चहावाल्याने पेटीमागे नेऊन दिलेल्या त्या चहाची आठवण झाली आणि थोडं वाईटही वाटलं.

दोन हजार सालानंतर दुबईचा नूर बदलला. परदेशी माणसांनाही घरं विकत मिळणार म्हणून जाहिराती झळकू लागल्या. आम्ही तोवर भाडं परवडेना म्हणून शारजाला अल मजाजमध्ये राहायला गेलो होतो आणि माझं अर्धं आयुष्य शारजा-दुबई रस्त्यावरच्या ट्रॅफिकमध्ये जात होतं. एके दिवशी बॉस म्हणाला, “यल्ला, मरीनाला जायचंय. बिल्डरची जाहिरात फिल्म आहे. प्रेझेंटर इंग्लंडचा आहे, फेमस.”

मरीना या पाण्याकाठच्या नव्या वस्तीत तेव्हा पाण्यापेक्षा क्रेन जास्त होत्या. एका अर्धवट टॉवरच्या सातव्या मजल्यावर सजवलेला नमुन्याचा फ्लॅट होता, आणि त्याच्या बाल्कनीत पांढऱ्या लिननच्या सूटमध्ये महाशय उभे होते. जॅकेट नाही, आठ्या नाहीत. दात मात्र बरेच दिसत होते, आणि पूर्वीपेक्षा सरळ.

“इथे,” ते कॅमेऱ्याकडे बघून म्हणाले, “कुठलंही गुपित नाही. मी शोधून पाहिलं आहे!”

मी मोठ्याने हसले. शॉट वाया गेला. सगळे माझ्याकडे बघायला लागले आणि महाशयांनी मला ओळखलं. दोन्ही हात पसरून पुढे आले. “माय डिअर! अत्तरं! ते कामगार! काय दिवस होते!”

फिल्ममध्ये शेवटी समाधानी कामगार हवे होते. खालच्या मजल्यावर प्लास्टर करणारे सातआठ जण होते, त्यात दोघे आपल्याकडचे. महाशय मला म्हणाले, “त्यांना सांगा, हसून हात हलवायचा, बस.” मी त्यांना हिंदीतून सगळं सांगितलं: ही फिल्म कशाची आहे, कुठे दाखवणार, यातले चेहरे दिसणार, आणि हात हलवल्याबद्दल तुम्हाला काही मिळणार नाही. एकाने थापी खाली ठेवली. “मॅडम, चहाची वेळ झाली,” तो म्हणाला. त्याच्यामागून बाकीचेही निघाले.

“काय झालं?” महाशयांनी विचारलं.

“चहाची वेळ झाली,” मी म्हणाले. मी शब्दशः सांगितलं, माझ्या मनाचं काही घातलं नाही.

जेवणाच्या सुट्टीत मी त्यांना दादाची गोष्ट सांगितली. सँडविच खाता खाता ते ऐकत होते, मग खायचे थांबले. “मला कुणी सांगितलं नाही,” ते म्हणाले.

“मी तीन फॅक्स केले होते.”

“फॅक्स रिसर्चरकडे जायचे.” मग ते समोरच्या क्रेनकडे वळले. कॅमेरा बंद होता, त्यामुळे चेहऱ्यावर काय आणायचं ते त्यांना सुचत नसावं. “नाही,” ते म्हणाले. “मला विचारलं होतं. एडिटिंगला मी बसलो होतो. एडिटर म्हणाला, हातांचा शॉट काढू या, माणूस ओळखू येईल. मीच म्हणालो, राहू दे. फार सुंदर शॉट होता तो.”

मी याची अपेक्षा केली नव्हती. भांडायची सगळी वाक्यं तयार होती, त्यातलं एकही उपयोगाचं राहिलं नाही. “सुंदर होता,” मी म्हणाले. ते खरंच होतं.

त्यांनी दादाला पत्र लिहायचं कबूल केलं. मी विश्वास ठेवला नाही, पण तीन आठवड्यांनी पत्र आलं. हाताने लिहिलेलं, दोन पानी. दादा तोवर शारजाच्या त्याच ठेकेदाराकडे फोरमन झाला होता, वर्षाला सुट्टीवर जात होता, बहिणीला दोन मुलं झाली होती. शुक्रवारी तो आमच्याकडे जेवायला आला तेव्हा मी त्याला पत्र मराठीत वाचून दाखवलं. माफी होती, चांगली होती, फक्त हवामानाचा एक परिच्छेद जास्त होता. दादाने मांडी घालून शांतपणे ऐकलं. मधलं एक वाक्य पुन्हा वाचायला लावलं: ‘तुम्ही जे बोललात ते मी दाखवलं नाही.’

“बरं,” तो म्हणाला. पत्राची घडी करून खिशात ठेवली. मग विचारलं, “हा माणूस आता करतो काय?”

मी सांगितलं की मरीनातल्या त्या टॉवरची जाहिरात केली आणि कामाच्या मोबदल्यात तिथेच एक फ्लॅट घेतला. दादाने टॉवर नेमका कुठला ते विचारलं आणि त्याच्या तोंडातला घास तसाच राहिला. “तिथं बाथरूमचं वॉटरप्रूफिंग कुणी केलंय ते मला ठाऊक आहे ओ. त्याला लिहा, टाइल्स बसायच्या आधी पाणी भरून दोन दिवस ठेवायला सांग. नायतर वरच्याचं पाणी याच्या डोक्यावर येईल.”

हे मी त्याच दिवशी ईमेलने कळवलं, ठळक अक्षरात. महाशयांचं उत्तर आलं की बिल्डरशी त्यांचे फार जिव्हाळ्याचे संबंध आहेत आणि बिल्डरने त्यांना स्वतः खात्री दिली आहे. आयुष्यभर लोकांच्या खात्र्यांमागे काय दडलंय ते शोधत हिंडलेला माणूस. मी ते उत्तर दादाला वाचून दाखवलं. त्याने ताक मागितलं.

दीड वर्षाने, महाशय आपल्या घरात राहायला आल्यावर पहिल्याच महिन्यात, ऑफिसात त्यांचा फोन आला. बाथरूमचं फॉल्स सीलिंग खाली आलं होतं. पाण्यासकट. बिल्डरचा मॅनेजर फोन उचलत नव्हता, ऑफिसात गेलं तर आत असूनही भेटत नव्हता.

“दोन तास मी त्याचं दार वाजवत होतो,” ते म्हणाले. आवाज खरोखर कापरा होता.

“मग?”

“सेक्रेटरी म्हणाली, इन्शाल्ला, नेक्स्ट मंथ. याचा अर्थ काय होतो?”

मी त्यांना अर्थ सांगितला. मग दादाचा मोबाइल नंबर दिला, त्याला आधी विचारून. पुढच्या शुक्रवारी दादा दोन माणसं घेऊन मरीनाला गेला, सगळं उखडून नीट करून दिलं. महाशय दिवसभर त्यांच्या आगेमागे चहा घेऊन फिरत होते म्हणे. दादाला इंग्लिश येत नाही आणि महाशयांना मराठी, आणि मला कुणी बोलावलं नव्हतं, त्यामुळे दोघं काय बोलले ते मला आजही माहीत नाही.